शेवटचं वलय: ग्रीनस्टेडच्या लाकडी चर्चचं वय कसं ठरलं

लंडनच्या ईशान्येला, एसेक्समधल्या ऑंगर गावापासून पश्चिमेला थोडं अंतर चाललं की शेतांमध्ये ग्रीनस्टेडचं चर्च दिसतं. पॅरिश, म्हणजे एका चर्चच्या हद्दीतली वस्ती, अगदी छोटी आणि चर्चही छोटंच. पांढऱ्या फळ्यांचा मनोरा, ट्यूडर काळातल्या विटांचं गर्भागार आणि या दोहोंच्या मध्ये काळपट लाकडी भिंती. ओकचे बुंधे उभे चिरून एकाला एक लावत नेलेत. गोल बाजू बाहेर, सपाट बाजू आत. असे ५१ तुकडे आज उभे आहेत. जगातलं सर्वांत जुनं लाकडी चर्च म्हणून याची ख्याती आहे. जपानमधल्या होर्यू-जी मंदिरातलं लाकूड याहून कितीतरी जुनं आहे, पण नॉर्वेची प्रसिद्ध लाकडी चर्चेस ग्रीनस्टेडच्या नंतरची ठरतात.

मग हे नेमकं कधीचं? बरीच वर्षं इ.स. ८४५ च्या सुमाराचं असं सांगितलं जाई. दुसरीकडे एक जुनी परंपरा आहे. डेन्मार्ककडून आलेल्या डेन आक्रमकांनी मारलेल्या एडमंड राजाचं शव १०१३ मध्ये लंडनहून ‘बरी सेंट एडमंड्स’ या गावी परत नेताना वाटेत इथे ठेवलं होतं, असं ती सांगते. १९९५ मध्ये लाकडाचीच तपासणी झाली आणि उत्तर आलं: शिल्लक असलेलं सर्वांत बाहेरचं वलय १०५३ सालचं आहे. म्हणजे ८४५ साल बाद झालं. १०१३ मध्येही या भिंती उभ्या नव्हत्या. परंपरा खरी असेल तर ते शव आधीच्या एखाद्या इमारतीत ठेवलं असणार, आणि अशी इमारत असणं अशक्य नाही. १९६० मध्ये गर्भागाराखाली उत्खनन झालं तेव्हा याहून जुन्या दोन लाकडी बांधकामांच्या खुणा सापडल्या होत्या.

झाडाच्या आत वर्ष कसं काय लिहिलेलं असतं? ओक दर वर्षी एक वलय धरतो. वसंतात मोठमोठ्या रसवाहिन्या तयार होतात, उन्हाळ्यात दाट, गडद लाकूड भरतं आणि थंडीत वाढ थांबते. मोठ्या रसवाहिन्यांची ती रांग नुसत्या डोळ्यांनाही दिसते. पावसाळी, सौम्य वर्षात वलय रुंद होतं, कोरड्या वर्षात अरुंद. एका प्रदेशातले ओक एकाच हवामानात वाढत असल्यामुळे त्यांच्या रुंद-अरुंद वलयांचा क्रम बराच जुळतो. आज जिवंत असलेल्या झाडापासून सुरुवात करायची, त्याची आतली वलयं जुन्या घराच्या तुळईशी जुळवायची, तुळईची आतली वलयं त्याहून जुन्या लाकडाशी, असं करत मागे जायचं. ही पद्धत उभी केली ती अमेरिकेतल्या ए. ई. डग्लस यांनी. ते मूळचे खगोलशास्त्रज्ञ. सूर्यावरच्या डागांचं चक्र हवामानात उमटतं का, हे शोधायला ते झाडांकडे वळले, आणि १९२९ मध्ये त्यांनी अ‍ॅरिझोना परिसरातल्या पुएब्लो अवशेषांना नेमकी सालं लावून दिली. आपल्याकडे पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेत सागाच्या वलयांवरून जुन्या मोसमी पावसाचा माग काढला जातो. शास्त्र तेच, प्रश्न उलटा: तिथे झाडावरून इमारतीचं साल काढतात, इथे पाऊस.

पण शेवटचं वलय १०५३ चं, म्हणून झाड १०५३ मध्ये तोडलं असं म्हणता येत नाही. ओकच्या खोडात आतलं मध्यकाष्ठ आणि सालीलगतचं रसकाष्ठ असे दोन भाग असतात. मध्यकाष्ठात टॅनिन भरलेलं असतं, रसवाहिन्या बुजलेल्या असतात, त्यामुळे बुरशी आणि भुंगेऱ्यांच्या अळ्या तिथे सहजी शिरत नाहीत. रसकाष्ठ मऊ आणि स्टार्चने भरलेलं, कीड आधी तेच खाते. शिवाय सुतारही ते तासून टाकतो. ग्रीनस्टेडच्या तुकड्यांवरचं बाहेरचं लाकूड असंच गेलं आहे. इंग्लंडच्या ओकमध्ये रसकाष्ठाची साधारण १० ते ५५ वलयं असतात, या अंदाजाने ती हरवलेली वलयं मिळवली की तोडणीचा काळ येतो १०६३ ते ११०८.

हा काळ माझ्या मनातून जात नाही, कारण १०६६ त्याच्या आत पडतं. त्या वर्षी हेस्टिंग्जच्या लढाईत हॅरल्ड राजा पडला आणि इंग्लंड फ्रान्सहून आलेल्या नॉर्मनांच्या हाती गेलं. त्यानंतरच्या काही दशकांत गावोगाव दगडी चर्चेस उभी राहू लागली. ग्रीनस्टेडचे बुंधे १०६४ मध्ये तोडले असतील तर हे सॅक्सन, म्हणजे नॉर्मनांच्या आधीच्या, इंग्लंडच्या अगदी शेवटच्या दिवसांतलं काम. १०९० मध्ये तोडले असतील तर राज्य बदलल्यावरही खेड्यातले सुतार आपल्या जुन्या पद्धतीने पाचरी ठोकून ओक चिरत होते, असं म्हणावं लागेल. एका पॅरिशचा केवढा तरी इतिहास या पंचेचाळीस वर्षांत अडकला आहे. तो सोडवायला सालीला टेकलेलं एक वलय पुरलं असतं! मध्ययुगीन सुतार ओक ओला असतानाच घडवत. वाळल्यावर ते लाकूड हत्यारांना दाद देत नाही. त्यामुळे तोडणीचं साल आणि बांधणीचं साल जवळजवळ एकच असतं. झाडाची साल टिकून असलेला तुकडा मिळाला तर झाड हिवाळ्यात तोडलं की वसंतात, इथपर्यंत सांगता येतं.

भिंतींचा खालचा भागही आज मूळचा नाही. लाकूड कुजवणाऱ्या बुरशीला ओलावा आणि हवा दोन्ही लागतात. खोल ओल्या मातीत हवा नसते आणि उंचावर लाकूड कोरडं राहतं. जमिनीच्या पातळीला मात्र दोन्ही भरपूर. ग्रीनस्टेडच्या बुंध्यांची खालची टोकं तशीच कुजली. १८४८ च्या सुमाराला झालेल्या दुरुस्तीत ती कापून काढली आणि उरलेले बुंधे विटांच्या जोत्यावर, नव्या लाकडी तळपट्टीवर बसवले. त्या लोकांना दोष देणं मला पटत नाही. त्यांनी हात लावला नसता तर भिंती कदाचित राहिल्याही नसत्या. पण कापलेल्या टोकांबरोबर नक्की काय गेलं, हे आता कोणालाही तपासता येणार नाही. तेव्हा वलयं मोजून साल काढण्याचं शास्त्र जन्मालाही आलं नव्हतं.

एसेक्समध्येच क्रेसिंग नावाची आणखी एक पॅरिश आहे. ११३७ मध्ये राणी मटिल्डाने ती जागा टेम्पलर सरदारांना, म्हणजे धर्मयुद्धांत लढणाऱ्या एका ख्रिस्ती संघाला, दिली. त्यांची धान्याची दोन प्रचंड कोठारं अजून उभी आहेत. सातूच्या कोठाराचे ओक १२०५ ते १२३५ या काळात तोडलेले, गव्हाच्या कोठाराचे १२५७ ते १२८०. वलयांची तपासणी होण्याआधीच जुन्या लाकडी बांधकामांचे अभ्यासक सेसिल ह्यूएट यांनी अशा इमारतींचे सांधे वाचायला सुरुवात केली होती. खाच कशी कापली आहे, लाकडावर लाकूड कसं चढवलं आहे, यावरून काळ ओळखता येतो, कारण सांध्यांच्या तऱ्हा शतकागणिक बदलत गेल्या. कोठाराच्या अंधाऱ्या छपराखालचा एक सांधा म्हणजे आठशे वर्षांपूर्वीच्या सुताराने केलेला हिशेब: ओला ओक वाळताना किती आकसेल, कुठे पिळेल, वारा कोणत्या बाजूने रेटेल.

म्हणूनच इंग्लंडच्या कायद्यातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. १९४७ च्या नगररचना कायद्यापासून तिथे ऐतिहासिक इमारतींची सरकारी यादी ठेवली जाते. तिच्यात प्रथम श्रेणीच्या इमारती जेमतेम अडीच टक्के, आणि ग्रीनस्टेडचं चर्च त्यांपैकी एक. साधारणपणे १७०० पूर्वीची, मूळ रूप बरंचसं टिकवून असलेली इमारत यादीत येतेच, मग ती राजवाडा असो की गोठा. संरक्षण दर्शनी भागापुरतं नसतं. आतली तुळई, छपराचा सांगाडा, भिंतीतली कुडाची जाळी, सगळं त्यात येतं. वापरात असलेल्या अँग्लिकन (इंग्लंडच्या अधिकृत पंथाच्या) चर्चेसची व्यवस्था थोडी वेगळी आहे. त्यांना नेहमीच्या परवानगीऐवजी बिशपच्या क्षेत्रातल्या धर्मन्यायाधीशाची मंजुरी घ्यावी लागते. दुरुस्ती करताना अख्खी तुळई बदलण्याऐवजी कुजलेला तेवढाच भाग काढून तिथे नवा ओक सांधायचा, हा आग्रह मात्र दोन्हीकडे सारखा. कवी आणि कलाकार विल्यम मॉरिस आणि त्यांच्या मित्रांनी १८७७ मध्ये जुन्या इमारतींच्या रक्षणासाठी संस्था काढली, ती याच विचाराने. जुनं पाडून ‘मूळ रूपात’ नवं उभं करण्याला त्यांचा कडवा विरोध होता.

वलयं मोजण्यासाठी लाकडात सुमारे दीड सेंटिमीटर व्यासाचं भोक पाडून गाभ्याची सळई काढतात. तेही मनाला येईल तसं आणि तिथे पाडता येत नाही. एवढं करून पुष्कळदा उत्तर मिळत नाही, कारण खेड्यातल्या घरांना लावलेले ओक बहुधा तरुण आणि झपाट्याने वाढलेले. त्यांत वलयं थोडी, आणि त्यांचा क्रम कशाशी खात्रीने जुळत नाही. स्वान्सी विद्यापीठातल्या संशोधकांनी अलीकडे यावर वाट काढली. ते वलयांची रुंदी बाजूला ठेवून उन्हाळी लाकडातल्या ऑक्सिजनच्या समस्थानिकांचं, म्हणजे त्याच्या हलक्या-जड अणूंचं, प्रमाण मोजतात. हे प्रमाण उन्हाळ्यातल्या पावसाप्रमाणे बदलतं, झाड जोमाने वाढलं की रडतखडत, याचा त्यावर फारसा परिणाम होत नाही. २०१९ मध्ये मध्य इंग्लंडसाठी अशी संदर्भमाला प्रसिद्ध झाली. आजवर ‘यातून काही निघणार नाही’ म्हणून सोडून दिलेल्या झोपड्यांच्या, गोठ्यांच्या तुळया आता तपासणीसाठी पुन्हा उघडता येतात. अर्थात, मधल्या काळात कोणी त्या बदलून टाकल्या नसतील तर.