साउरा, कार्लोस
(४ जानेवारी १९३२ – १० फेब्रुवारी २०२३). स्पॅनिश चित्रपट दिग्दर्शक व छायाचित्रकार. जन्म आरागॉनमधील उएस्का येथे. आई पियानोवादक, तर थोरला भाऊ आंतोनिओ नामवंत चित्रकार. चित्रपटांकडे वळण्यापूर्वी साउरा ग्रानाडा व सांतांदेर येथील संगीत-नृत्य महोत्सवांची छायाचित्रे काढत.

स्पेनचा हुकूमशहा फ्रँको याच्या राजवटीत सेन्सॉरला चकवत त्यांनी रूपकात्मक चित्रपट केले. ‘ला कासा’ला (१९६६) बर्लिन महोत्सवात दिग्दर्शनाचे ‘रौप्य अस्वल’ पारितोषिक मिळाले, तर ‘क्रिया कुएर्वोस’ला (१९७६) कान महोत्सवात परीक्षकांचा विशेष पुरस्कार. त्यांची खरी वेगळी वाट मात्र नृत्यपटांची.

तिची सुरुवात ‘बोदास दे सांग्रे’पासून (१९८१) झाली. स्पॅनिश कवी-नाटककार लोर्का यांच्या नाटकावर नर्तक आंतोनिओ गादेस यांनी बसवलेली ही नृत्यनाटिका. साउरांनी ती रंगमंचावर न चित्रित करता तालमीच्या दालनात नेली. आधी रंगभूषा, मग अंग मोकळे करणे आणि नंतर सलग प्रयोग. नेपथ्य जवळजवळ नाहीच. शेवटचे चाकूचे द्वंद्व संथ गतीत दिसते, पण ती कॅमेऱ्याची करामत नाही. नर्तकच तेवढ्या संथपणे नाचतात. ‘कारमेन’मध्ये (१९८३) तालीम आणि पात्रांचे खासगी आयुष्य इतके मिसळते की शेवटचा खून नाटकातला की खरा, हे कळत नाही. ‘एल आमोर ब्रुखो’साठी (१९८६) स्टुडिओत अख्खी वस्ती उभारली आणि तालमीतला ताण हरवला, या तीन नृत्यपटांच्या त्रयीतला हा सर्वांत कमकुवत भाग.

फ्लामेंको हा स्पेनमधील गायन-नृत्यप्रकार चित्रित करताना पहिली चूक होते ती चौकटीची. कथकमधील तत्काराप्रमाणे इथेही पायांचा आघात हेच वाद्य असते. जवळच्या दृश्यात पाय कापले गेले, तर नाद कानावर पडतो, त्याचा उगम दिसत नाही. चेहरा आणि हात पुरेसे बोलके वाटल्याने हा मोह वारंवार होतो. दुसरी अडचण संकलनाची. सोलेआ या फ्लामेंकोच्या एका प्रकारात बारा मात्रांचे आवर्तन असून वजन ३, ६, ८, १० व १२ या मात्रांवर पडते. अशा असमान आवर्तनात चुकीच्या जागी दृश्य तोडले की लय लंगडते. म्हणून साउरांच्या चांगल्या दृश्यांत कॅमेरा अंतर राखून नर्तकाबरोबर सरकतो आणि तोडणी कमी असते.

‘फ्लामेंको’ (१९९५) सेव्हिलच्या प्लासा दे आर्मास या जुन्या रेल्वेस्थानकात चित्रित झाला. निवेदन नाममात्र, कथा नाही. छायाचित्रणकार वित्तोरिओ स्तोरारो यांनी उभे पडदे लावून मागून रंगीत प्रकाश टाकला. त्यामुळे पार्श्वभूमी झाकली जाते आणि सावल्याही मिळतात. आरसे वापरले की मोजके नर्तक अनेक भासतात. मात्र कोन चुकला तर कॅमेरा आणि दिवे त्यांत दिसतात. पुढच्या ‘तांगो’तही (१९९८) हेच तंत्र आहे. ‘इबेरिया’ (२००५), ‘फादोस’ (२००७), ‘खोता’ (२०१६) हे चित्रपट तुकड्यांची मालिका वाटतात. गायक-नर्तक तोलामोलाचा असेल तिथेच ते तरतात.

चित्रकलेवर ‘गोया एन बुर्देओस’ (१९९९) आणि गुहाचित्रांपासून ग्राफिटीपर्यंत जाणारा ‘लास पारेदेस आब्लान’ हा अखेरचा माहितीपट, हे त्यांचे उल्लेखनीय चित्रपट. ‘मामा कुंप्ले सिएन आन्योस’, ‘कारमेन’ व ‘तांगो’ यांना ऑस्कर नामांकने मिळाली. २०२२ मध्ये गोव्यातील इफ्फी या भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाने त्यांना सत्यजित राय जीवनगौरव पुरस्कार दिला.