स्टॅनफर्ड फुटबॉल संघ : १९४० चा हंगाम

कॅलिफोर्नियातील स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाने १९४० मध्ये सर्व १० सामने जिंकले. आदल्या वर्षी याच संघाला नऊपैकी एकच सामना जिंकता आला होता. सातांत हार आणि एक बरोबरी. मधल्या काळात खेळाडू फारसे बदलले नाहीत. प्रशिक्षक बदलला आणि त्याने खेळाची मांडणी मुळापासून बदलली. कॉलेज फुटबॉलमध्ये ‘टी’ रचनेचे (चढाई करताना खेळाडू उभे करण्याच्या एका पद्धतीचे) दुसरे पर्व या हंगामापासून सुरू झाले.

नवे प्रशिक्षक क्लार्क शॉनेसी शिकागो विद्यापीठातून आले. तिथे १९३९ मध्ये त्यांच्या संघाने मिशिगनकडून ०-८५ अशी हार पत्करली होती आणि हंगाम संपताच विद्यापीठाने फुटबॉलच बंद केले. नुसता निकाल पाहिला तर त्यांची निवड आश्चर्यकारक होती. पण शिकागोतच ते व्यावसायिक ‘बेअर्स’ संघाचे मालक-प्रशिक्षक जॉर्ज हॅलास यांच्यासाठी टी रचनेवर काम करत होते. ही रचना जुनीच होती आणि बहुतेकांनी ती टाकून दिली होती. बेअर्सने तिला सरकता खेळाडू आणि पुढच्या खेळाडूंची रुंद पसरलेली रांग यांची जोड दिली होती.

त्या काळी सर्रास ‘सिंगल विंग’ ही रचना खेळली जाई. तिच्यात सेंटर (रांगेच्या मध्यभागी उभा राहून चेंडू मागे देणारा खेळाडू) चेंडू पायांमधून काही यार्ड मागे उभ्या असलेल्या, चेंडू घेऊन धावणाऱ्या किंवा पास फेकणाऱ्या टेलबॅककडे फेकतो. त्यासाठी त्याला मान खाली घालून मागे पाहावे लागते, त्यामुळे समोरच्याला अडवायला त्याला उशीर होतो. चेंडू कुणाकडे गेला हेही बचाव करणाऱ्यांना लगेच दिसते. मग वाट काढायची तर दोघादोघांनी मिळून एकेका प्रतिस्पर्ध्याला बाजूला रेटावे लागते. टी रचनेत चढाई चालवणारा खेळाडू, म्हणजे क्वार्टरबॅक, सेंटरला खेटून उभा राहतो आणि चेंडू हातोहात घेतो. त्याच्या मागे चार-पाच यार्डांवर फुलबॅक आणि दोन हाफबॅक हे चेंडू घेऊन धावणारे खेळाडू एका ओळीत असतात. सेंटरची नजर समोर राहते. चेंडू देतादेता तो पाऊल टाकू शकतो. हाफबॅक पहिल्या पावलापासून वेगात असतो, म्हणून रांगेतल्या खेळाडूने समोरच्याला क्षणभर अडवले तरी भागते.

चेंडू मागे जाण्याआधी एका हाफबॅकला बाजूला पळत जाण्याची मुभा नियमात होती. त्याच्यामागे बचावाचा एक माणूस सरकला की मधली जागा रिकामी होते. कुणी सरकलेच नाही, तर बाहेर गेलेला हाफबॅक पाससाठी मोकळा मिळतो. संपूर्ण बचावच त्या दिशेला झुकू लागला, तर उलट बाजूचा ‘काउंटर’ खेळायचा.

या रचनेत चुकाही ठरावीक ठिकाणी होतात. क्वार्टरबॅकने हात अर्धा क्षण आधी काढला की चेंडू जमिनीवर पडतो. वळताना तो चेंडू पोटाजवळ धरत नसेल तर हुलकावणी उघडी पडते. हाफबॅकची धाव आणि क्वार्टरबॅकचे वळणे यांचा मेळ चुकला, तर दोघे एकमेकांवर आदळतात. म्हणून वसंतातल्या सरावात बेअर्सचा क्वार्टरबॅक बर्नी मास्टरसन स्टॅनफर्डच्या फ्रँकी अल्बर्टला पायांची ठेवण आणि चेंडू लपवणे शिकवायला आला होता.

शॉनेसींची खरी पारख दिसते ती माणसे योग्य जागी बसवण्यात. डावखुरा अल्बर्ट १९३९ मध्ये टेलबॅक होता. शरीराने तो बेताचा, त्यामुळे त्या जागेवर मार खात असे. चतुराई आणि हातसफाई हे त्याचे गुण क्वार्टरबॅकच्या जागी कामाला आले. धिप्पाड नॉर्म स्टँडली फुलबॅक झाला आणि मधून घुसू लागला. चपळ पीट क्मेटोविक आणि ताकदवान ह्यू गॅलर्नो हे हाफबॅक. रांगेत सेंटर व्हिक लिंडस्कॉग आणि गार्ड चक टेलर. खेळाडू बदलण्यावर तेव्हा कडक मर्यादा होत्या, त्यामुळे चढाई आणि बचाव दोन्ही याच मंडळींना सांभाळावे लागत.

पहिल्या सामन्यात सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठावर २७-०, मग ऑरेगॉनवर १३-० असे विजय मिळाले. सांता क्लाराविरुद्ध मात्र ७-६, म्हणजे टचडाउननंतर (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे नेल्यावर) किक मारून मिळणाऱ्या एका जादा गुणावर निभावले. वॉशिंग्टन स्टेट (२६-१४), यूएससी (२१-७) आणि यूसीएलए (२०-१४) यांच्यानंतर वॉशिंग्टनची गाठ पडली. हंगामातली सर्वांत कठीण परीक्षा हीच. ०-१० असे मागे पडल्यावर स्टॅनफर्डने सलग २० गुण केले. पुढे ऑरेगॉन स्टेटला २८-१४ आणि पारंपरिक प्रतिस्पर्धी कॅलिफोर्नियाला १३-७ असे हरवून त्यांनी रोझ बोल या हंगामाअखेरच्या प्रतिष्ठेच्या सामन्याचे आमंत्रण मिळवले. ‘वाव बॉइज’ हे त्यांचे टोपणनाव याच हंगामातले.

१ जानेवारी १९४१ रोजी पॅसाडेना येथे नेब्रास्काविरुद्ध पहिला टचडाउन नेब्रास्काचा होता, आणि पुढे त्यांची आघाडी १३-७ झाली. अल्बर्टच्या ४१ यार्डांच्या पासवर गॅलर्नोने टचडाउन केला. जादा गुण धरून स्टॅनफर्ड १४-१३ असे पुढे गेले. उत्तरार्धात नेब्रास्काने स्टॅनफर्डला गोलरेषेच्या तोंडाशी अडवले, ही त्यांची मोठी कामगिरी. पण त्यांनी लगेच मारलेली किक क्मेटोविकने झेलली आणि ३९ यार्ड धावून टचडाउन केला. निकाल २१-१३. अल्बर्टने तिन्ही जादा गुण स्वतः किक मारून मिळवले.

असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेच्या अखेरच्या क्रमवारीत मिनेसोटा पहिले, स्टॅनफर्ड दुसरे. ती क्रमवारी रोझ बोलआधीच जाहीर होत असल्याने नेब्रास्कावरचा विजय तिच्यात धरला गेला नाही. हेल्म्स संस्थेने मात्र स्टॅनफर्डला राष्ट्रीय विजेता मानले.

याच रचनेने बेअर्सनी ८ डिसेंबर १९४० रोजी व्यावसायिक अजिंक्यपदाच्या सामन्यात वॉशिंग्टन रेडस्किन्स या व्यावसायिक संघाला ७३-० असे हरवले होते. त्या तयारीतही शॉनेसींचा हात होता. तीन-चार आठवड्यांच्या अंतराने आलेल्या या दोन निकालांनी प्रशिक्षकांच्या शंका फिटल्या. १९४२ मध्ये नॉटर डेमसारख्या संघानेही आपली जुनी रचना सोडून टी स्वीकारली. स्टँडली आणि गॅलर्नो १९४१ मध्ये बेअर्सकडे गेले, शॉनेसी १९४२ मध्ये मेरीलंडला. १९४३ ते १९४५ या युद्धकाळात स्टॅनफर्डचे फुटबॉल बंद होते.