स्क्विड गेममधले जीवघेणे खेळ

स्क्विड गेम ही कोरियन सिरीज नेटफ्लिक्सवर १७ सप्टेंबर २०२१ ला आली. तिच्यात कर्जात नाकापर्यंत बुडालेली ४५६ माणसं एका बेटावर आणून त्यांना लहान मुलांचे खेळ खेळायला लावतात आणि हरेल त्याला तिथल्या तिथे मारतात. नावं नाहीत, हिरव्या ट्रॅकसूटवर फक्त नंबर, सहा दिवसांत सहा खेळ. एक माणूस गेला की बक्षिसात १० कोटी वॉन जमा होतात आणि ते पैसे झोपायच्या हॉलच्या छताला टांगलेल्या मोठ्या पारदर्शक पिग्गी बँकेत सगळ्यांच्या डोळ्यांदेखत पडतात. सगळं मिळून ४५६० कोटी वॉन. दुसरा सीझन २६ डिसेंबर २०२४ ला, तिसरा आणि शेवटचा २७ जून २०२५ ला, तिन्ही मिळून २२ एपिसोड.

लेखक-दिग्दर्शक ह्वांग दोंग-ह्योक. स्क्रिप्ट त्याने २००८-०९ च्या सुमारास लिहिली होती, तेव्हा तो स्वतःच पैशाच्या अडचणीत होता आणि ही गोष्ट फार विचित्र आहे, कोणाला पटणार नाही असं म्हणून कोणी पैसे लावायला तयार नव्हतं. दहा-बारा वर्षांनी मात्र ती सगळ्यांना पटली, कारण तोपर्यंत कोरियात घराघरावरचं कर्ज देशाच्या जीडीपीच्याही वर गेलं होतं. पोरांचेच खेळ का, तर नियम अर्ध्या मिनिटात कळतात, मग बघणाऱ्याचं लक्ष नियमात न अडकता माणसांवर राहतं, असं त्याने मुलाखतींत सांगितलंय.

खेळ चालवणाऱ्यांचा एक मोठा दावा असतो आणि ह्या खेळांबद्दल बोलायचं तर तिथूनच सुरू करायला पाहिजे. दावा असा की इथे सगळे समान. बाहेरच्या जगात तुमच्यावर अन्याय झाला, इथे सगळ्यांना सारखे नियम, सारखी संधी, आणि जबरदस्ती तर अजिबात नाही, कारण करारात तिसरं कलम आहे, बहुमताने ठरलं तर खेळ बंद. पहिल्या सीझनमध्ये काळा मुखवटावाला फ्रंट मॅन, म्हणजे गार्डांचा म्होरक्या, ह्यावर एक भाषणच ठोकतो, आणि ते कधी, तर एका डॉक्टर खेळाडूला गार्डांनी पुढचा खेळ आधीच सांगितला हे उघड झाल्यावर (बदल्यात तो मेलेल्यांचे अवयव काढून देत होता). त्या सगळ्यांना मारून लटकवतात आणि वर समानता मोडली म्हणून माफी मागतात. पण एकेक खेळ नीट बघितला तर समान त्यातला एकही नाही.

पहिला खेळ रेड लाइट ग्रीन लाइट. कोरियन पोरं ह्यात "मुगुंग्वाचं फूल उमललं" (मुगुंग्वा म्हणजे कोरियाचं राष्ट्रीय फूल) अशा अर्थाची ओळ म्हणतात, कोरियन भाषेत ती बरोबर दहा अक्षरांची होते म्हणून दहा आकडे मोजायच्या ऐवजी ती झटकन म्हणायची आणि मागे वळून बघायचं, जो हलताना दिसला तो बाद. सिरीजमध्ये राज्य घेते एक अवाढव्य बाहुली, यंग-ही, जुन्या कोरियन शाळेच्या पुस्तकांतल्या मुलीसारखी, पिवळा टीशर्ट आणि केशरी फ्रॉक, आणि तिच्या डोळ्यांत सेन्सर. वेळ ५ मिनिटं. पहिला माणूस पडतो तेव्हा बाकीच्यांना वाटतं नाटक आहे, मग रक्त दिसतं आणि सगळे दाराकडे पळतात, आता पळणं म्हणजे हलणंच की, त्यामुळे खेळ नीट कळायच्या आधीच शेकडो लोक संपतात. ४५६ पैकी २०१ उरतात. ह्यात एक क्षण आहे तो बघण्यासारखा, हिरो सोंग गी-हून (नंबर ४५६) रेषेच्या थोडं आधी अडखळतो आणि मागून कोणीतरी त्याची कॉलर पकडून त्याला तसाच अधांतरी धरून ठेवतो, दोघंही पुतळ्यासारखे. तो पकडणारा म्हणजे अली, पाकिस्तानातून आलेला कामगार, ज्याने हे कोरियन खेळ लहानपणी कधी खेळलेलेच नाहीत. म्हणजे समानता इथेच संपली. अलीचं काम केलंय अनुपम त्रिपाठीने, तो दिल्लीचा, कोरियात अॅक्टिंग शिकायला गेला आणि तिथलाच झाला.

ह्यानंतर मतदान होतं. १०१ विरुद्ध १०० मतांनी खेळ बंद, सगळे घरी. आणि मग २०१ पैकी १८७ जण आपापल्या पायांनी परत येतात!! माझ्या मते आख्ख्या सिरीजमधला सगळ्यात भयंकर खेळ हाच, ह्यात बंदूक नाही की बाहुली नाही, फक्त घरी गेल्यावर दारात उभा असलेला सावकार, आईच्या ऑपरेशनचा खर्च, न मिळालेला पगार. तुमच्या मर्जीने आलात असं नंतर चालवणाऱ्यांना छाती ठोकून म्हणता येतं ते ह्याच्याच जोरावर.

दुसरा खेळ दालगोना. आपल्याकडे २०२० च्या लॉकडाऊनमध्ये घरोघरी हात दुखेपर्यंत फेटून दालगोना कॉफी झाली, तिचं नाव ह्याच मिठाईवरून पडलंय. साखर पळीत वितळवायची, चिमूटभर खायचा सोडा टाकला की ती फुगते, मग ताटलीवर ओतून चपटी दाबायची आणि वर साच्याने आकार उठवायचा. कोरियात शाळांच्या बाहेर विकायला बसायचे आणि आकार न मोडता सुईने सोडवला तर अजून एक फुकट मिळायची. इथे पत्र्याची गोल डबी, एक सुई, १० मिनिटं, आणि आकार निवडायचा चकती बघायच्या आधी. वर्तुळ, त्रिकोण, चांदणी, छत्री. गी-हूनच्या वाट्याला छत्री येते, तो घामाघूम होऊन शेवटी चकती मागून चाटायला लागतो, साखर विरघळते, आकार सुटतो. हे बघून बाकीचेही चाटायला लागतात. पण त्याच्या आधी काय झालं ते महत्त्वाचं, त्याच गल्लीत वाढलेला त्याचा मित्र सांग-वू, मोठ्या युनिव्हर्सिटीत शिकलेला, ह्याने खेळ कोणता ते आधीच ताडलेलं असतं, स्वतः त्रिकोण घेतो आणि मित्र छत्रीच्या रांगेकडे चाललाय हे बघून एकदा तोंड उघडतो आणि परत मिटतो. पुढे तो जे जे करतो ते सगळं ह्या गप्प बसण्यातच दिसतं.

तिसरा खेळ रस्सीखेच, उंच प्लॅटफॉर्मवर, दहा विरुद्ध दहा, हरलेली टीम खाली लोंबकळते आणि वरून पातं पडून दोर कापला जातो. टीम करा एवढंच सांगितलं जातं, खेळ कोणता ते नाही. ज्यांना ताकदवान पुरुष मिळाले ते खूश, आणि गी-हूनच्या टीममध्ये बायका आणि एक म्हातारा. तो म्हातारा, नंबर ००१, युक्ती सांगतो, दोर मधे धरून पाय सरळ, पहिली दहा सेकंदं ओढायचंच नाही, मागे रेलून आभाळाकडे बघत टिकायचं. समोरचे गोंधळतात. आणि हरायला लागल्यावर सांग-वू म्हणतो तीन पावलं पुढे टाका, समोरचे धडपडतात, जिंकले. ह्या खेळात डोकं चालतं म्हणून लोकांना तो आवडतो, पण समोरच्या दहा जणांनी वाईट काय केलं होतं ह्याचं उत्तर कोणाकडेच नसतं.

चौथा गोट्यांचा. आधी सांगतात जोडी करा, आणि सगळ्यांना वाटतं आता दोघांची टीम, म्हणून प्रत्येक जण आपल्या सगळ्यात जवळच्या माणसाला निवडतो, नवरा-बायकोसुद्धा एकत्र येतात. मग कळतं की ह्या दोघांतला एकच जाणार. प्रत्येकाला १० गोट्या, ३० मिनिटं, समोरच्याच्या सगळ्या गोट्या मारहाण न करता मिळवायच्या, खेळ कोणता खेळायचा ते तुमचं तुम्ही ठरवा. सेट जुन्या सोलमधल्या गल्ल्यांचा, संध्याकाळचा पिवळट उजेड. अली एकी-बेकीत जिंकत असतो, सांग-वू त्याला भाई भाई करत विश्वासात घेतो आणि त्याच्या पिशवीत गोट्यांच्या जागी खडे भरून देतो, अली ते गळ्यात बांधून फिरत राहतो. उत्तर कोरियातून पळून आलेली से-ब्योक आणि तिची जोडीदार जी-यंग वेळ संपेपर्यंत नुसत्या गप्पा मारत बसतात आणि शेवटी जी-यंग मुद्दाम गोटी पायाशी टाकते, कारण बाहेर जाऊन करायचं असं तिच्याकडे काही नाही. गी-हून चांगला माणूस ना, तो पण त्या विसराळू म्हाताऱ्याला बिनधास्त फसवतो, आणि म्हातारा ओळखून शेवटची गोटी त्याला देतो, आपण ग्गानबू आहोत म्हणून, म्हणजे ज्यांच्यात तुझंमाझं नसतं असे खेळातले जिवलग दोस्त. जोड्या लागताना एक बाई, मी-न्यो, एकटीच उरते, सगळ्यांना वाटतं गेली बिचारी, आणि ती नंतर हॉलमध्ये मजेत बसलेली सापडते, कारण जुन्या पोरांच्या रिवाजाप्रमाणे उरलेल्याला कच्चा लिंबू करून सोडून दिलेलं. जवळचं कोणी नव्हतं म्हणून वाचली. सहाव्या एपिसोडनंतर बऱ्याच लोकांनी सिरीज तिथेच थांबवून दुसऱ्या दिवशी पुढे बघितली असेल, निदान मला तरी लागोपाठ बघवलं नाही.

पाचवा काचेचा पूल, हा खरं तर पोरांचा खेळ कमी आणि जुगार जास्त. १८ जोड्या, प्रत्येक जोडीत एक काच मजबूत आणि एक साधी, १६ खेळाडू, १६ मिनिटं. खेळ सांगायच्या आधी अंगावर चढवायचे १ ते १६ नंबरचे बिब निवडायला लावतात. पहिल्या नंबरवाल्याला फक्त अंदाजाने पलीकडे पोचायचं तर शक्यता २,६२,१४४ मध्ये एक, आणि शेवटचा मात्र पुढच्यांच्या मरणावरून रस्ता शिकत आरामात येतो. एक जण काचेच्या कारखान्यात वर्षानुवर्षं काम केलेला निघतो, त्याला उजेडात फरक ओळखू येतो, तर फ्रंट मॅन चक्क दिवे बंद करतो. गरिबाचं कसब चाललं की नियम बदलले, आणि वर सोन्याचे मुखवटे घालून श्रीमंत पाहुणे पैज लावून बघतायत. तिघंच पलीकडे पोचतात.

शेवटचा स्क्विड गेम, कोरियात ओजिंगो. जमिनीवर वर्तुळ, त्रिकोण आणि चौकोन जोडून स्क्विडसारखी आकृती काढायची, एक बाजू राखणार, दुसरी चढाई करणार. चढाई करणाऱ्याला बाहेर लंगडी घालत फिरावं लागतं, स्क्विडची कंबर ओलांडली की दोन पायांवर चालायचा हक्क मिळतो, मग आत घुसून डोक्याच्या वर्तुळात पाय टेकवला की जिंकला. गार्डांच्या मुखवट्यांवरही हेच आकार, वर्तुळ कामगार, त्रिकोण बंदूकवाले, चौकोन वरचे साहेब. गी-हून आणि सांग-वू पावसात सुऱ्या घेऊन हा खेळतात, खरं म्हणजे खेळ पहिल्या मिनिटातच संपतो आणि राहते ती नुसती मारामारी. आणि म्हातारा? तो मेलेलाच नसतो, तोच ह्या सगळ्याचा मालक, खूप पैसा झाल्यावर जगण्यात मजा राहिली नाही म्हणून स्वतः खेळायला उतरलेला. समान खेळाडूंमध्ये एकाच्या डोक्यावर कधी बंदूक नव्हतीच.

दुसऱ्या सीझनमध्ये प्रत्येक खेळानंतर मतदान ठेवलं, निळा ओ म्हणजे खेळ चालू आणि लाल एक्स म्हणजे बंद, आणि थांबलात तर जमलेली रक्कम उरलेल्यांत वाटून. पहिल्याच मतदानात १८३ विरुद्ध १८२ ने खेळ चालू राहतो आणि निर्णायक मत असतं खेळाडू बनून घुसलेल्या फ्रंट मॅनचं. खेळांमध्ये पाच जणांचे पाय एकमेकांना बांधून पाच खेळ पाच मिनिटांत करायचे, त्यात त्ताक्जी (कागदाची चौकोनी घडी आपटून समोरच्याची पलटवायची, सूटबूटवाला एजंट मेट्रो स्टेशनवर लोकांना गळाला लावतो ते ह्यानेच), दगडाने दगड पाडणं, भोवरा, पायाने उडवायचं जेगी, आणि गोंगी, म्हणजे पाच खड्यांचे आपले सागरगोटेच. हा सागरगोट्यांचा भाग एक माजी मरीन म्हणवणारा धिप्पाड पोरगा झटक्यात करतो, चार मोठ्या बहिणींत वाढला म्हणून. मग मिंगल, गोल फिरणारा मंच, बालगीत, आकडा पुकारला की तेवढ्याच जणांचा गट करून ३० सेकंदांत खोलीत शिरायचं. आधी सगळे मित्र, आकडा बदलला की तोच मित्र जास्तीचा, आणि एकदा तर खोलीत दोनच हवेत म्हणून फ्रंट मॅन तिसऱ्याची मान मोडतो.

तिसऱ्या सीझनमध्ये लपाछपी (निळ्यांकडे किल्ल्या, लाल टीमकडे सुऱ्या, आणि लाल माणसाने निदान एकाला मारलंच पाहिजे), मग दरीवरच्या पुलावर यंग-ही आणि चुल-सू (तिच्या जोडीचा मुलगा बाहुला) फिरवतात त्या दोरीवरच्या उड्या, आणि शेवटी उंच मनोऱ्यांवरचा स्क्विड गेम. लपाछपीत एक बाळ जन्मतं आणि तेच पुढे खेळाडू धरलं जातं. हा भाग मला जरा ओढूनताणून आणलेला वाटला. मनोऱ्यावरच्या खेळात तर पोरांचा खेळ नावापुरताच उरतो, कोणाला ढकलायचं ह्याची मीटिंग चालते बस्स.

सिरीज आल्यावर ऑक्टोबर २०२१ मध्ये बेल्जियममधल्या एका शाळेने पालकांना इशारा दिला की पोरं रेड लाइट ग्रीन लाइट खेळून हरणाऱ्याला बुकलतायत. मुंबई पोलिसांनी त्याच बाहुलीचा व्हिडिओ टाकून सिग्नलला थांबा म्हणून ट्विट केलं. ली जंग-जे (गी-हून) आणि ह्वांग दोघांनाही २०२२ ला एमी हा टीव्हीचा मोठा अमेरिकन पुरस्कार मिळाला. आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये नेटफ्लिक्सनेच खराखुरा रिअॅलिटी शो काढला, ४५६ स्पर्धक, ४५.६ लाख डॉलर, मारणं सोडून बाकी सगळं तेच, ज्या गोष्टीवर सिरीज टीका करत होती तीच विकायला काढली असं लोक बोलले ते काही चूक नाही. त्या शोमध्ये काचेच्या पुलावर स्पर्धकांनी आपापसात ठरवलं की प्रत्येकाने एकच अंदाजाची उडी मारायची आणि पुढची उडी मागच्याने घ्यायची, म्हणजे पहिल्या नंबरवर सगळा भार नको. एकीची पाळी आली तेव्हा ती जागची हललीच नाही, पुढच्याला अजून उड्या माराव्या लागल्या आणि तो पडला, आणि ती बरोबर की चूक ह्यावर प्रेक्षक कितीतरी दिवस भांडत होते.