सालीवरून झाड ओळखताना
झाडांच्या मोजणीआधी जमीनमालकांसाठी माहितीपत्रक

रानातल्या झाडांची मोजणी बहुतेक जण उन्हाळ्यात करून घेतात आणि नेमकी तेव्हाच कित्येक झाडे निष्पर्ण असतात. मग नाव सालीवरून ठरवावे लागते. ते अचूक हवे, कारण ऐन, किंजळ, साग, खैर ही झाडे १९६४ च्या वृक्षतोड नियमन कायद्याच्या यादीत आहेत. स्वतःच्या जमिनीतही ती परवानगीशिवाय तोडता येत नाहीत.

साल जमिनीपासून साधारण साडेचार फुटांवर पाहावी. बुंध्यापाशी वणवा आणि वाळवीने तिचे रूप बदललेले असते. खोड जाड होते, पण बाहेरचा मृत थर ताणला जात नाही, म्हणून तो फाटतो किंवा सुटतो. कसा, ते प्रत्येक जातीचे वेगळे. मनगटाएवढ्या खोडावर हे घडलेलेच नसते, तिथे सालीवर विसंबू नका.

सर्वात जास्त घोळ ऐन, किंजळ आणि अर्जुन यांत होतो. ऐनाची साल काळपट, जाड. उभ्या खोल भेगा आणि आडव्या चिरांमुळे मगरीच्या पाठीसारखे चौकोनी खवले दिसतात. किंजळाच्या भेगा उथळ असतात. शंका राहिली तर झाडाखालची फळे पाहा: ऐनाच्या फळाला पाच रुंद पंख, किंजळाचे फळ लहान, त्याचा एक पंख मोठा आणि दोन बारीक. अर्जुन ओढ्याकाठी, गुळगुळीत, फिकट. त्याच्या सालीचे पातळ सपाट पापुद्रे सुटतात.

पांढऱ्या खोडाला सरसकट ‘अर्जुन’ म्हणू नये. कोकणात, घाटात तो बऱ्याचदा नाणा निघतो. कोरड्या खडकाळ उतारावरचे पांढरे, कागदी सालीचे झाड बहुधा कांडोळ. सालईची सालही कागदासारखी सुटते, पण ती हिरवट-राखाडी असते आणि डिंकाला सुगंध येतो.

काटे दिसले की लोक सावर लिहून मोकळे होतात. सावरीचे काटे शंकूसारखे, बुडाशी जाड; जुन्या खोडावर ते झडलेलेही असतात. पांगाऱ्याचे काटे बारीक, काळे असतात आणि सालीवर फिकट उभ्या रेघा दिसतात.

खात्री करायला कोयत्याने चीर देऊ नका. आतली साल जिवंत असते, पानांनी तयार केलेले अन्न तिच्यातूनच मुळांकडे जाते. शिवाय झाड बिब्ब्याचे निघाले तर चिकाने कातडीवर फोड येतात. बिबला हे वेगळे झाड, ते लाल डिंकावरून ओळखता येते; पण तो डिंक जुन्या जखमेवर आयताच सुकलेला सापडतो, तेवढा पुरतो.

आम्हाला फोटो पाठवताना प्रत्येक झाडाचे तीन पाठवा: पूर्ण खोड; सालीचा जवळून, शेजारी नाणे धरून; खाली पडलेली फळे किंवा पापुद्रे. साल कोरडी असू द्या, ओली साल काळी दिसते. दगडफुलाचे पांढरे-हिरवे डाग टाळून फोटो घ्या, तो सालीचा रंग नव्हे.