टॅबलेट आपोआप बंद पडणे

टॅबलेट संगणक चालू असताना, बटण न दाबता आणि बॅटरी संपत आल्याची सूचना न येता बंद होणे. बोलीत ‘टॅब स्विच ऑफ होतो’ एवढेच म्हटले जाते आणि दोष सरसकट बॅटरीवर ढकलला जातो. बऱ्याचदा तो तिचाच असतो, पण नेहमी नाही.

आधी पाहायचे ते टॅब खरोखर बंद पडला का. पॉवर बटण हलके दाबताच पडदा उजळला, तर तो नुसता झोपला होता. अनेक टॅबच्या कडेला चुंबक ओळखणारा संवेदक असतो. घडीचे कव्हर मिटले की पडदा मालवावा, यासाठी तो बसवलेला असतो. कव्हर मागे दुमडून धरले, किंवा चुंबकाची कडी असलेले ब्रेसलेट त्या जागेजवळ आले, तरी पडदा काळा होतो. नव्या बॅटरीने हा दोष जाणार नाही. बटण बराच वेळ दाबल्यावर कंपनीचे बोधचिन्ह दिसले, तर टॅब खरेच बंद होता. तिसरा प्रकार म्हणजे नकळत रीस्टार्ट होणे. टेबलावर ठेवलेला टॅब उचलल्यावर बोटाचा ठसा न स्वीकारता पिन मागू लागला, तर तो मधल्या काळात बंद होऊन पुन्हा चालू झाला असण्याची शक्यता बरीच असते. रीस्टार्टमागे सॉफ्टवेअर बिघडणे किंवा कडक कव्हरखाली पॉवर बटण दबून राहणे ही नेहमीची कारणे.

टॅबमध्ये लिथियम-आयन बॅटरी असते. ही बॅटरी १९९१ मध्ये सोनीने बाजारात आणली. तिच्या विकासासाठी गुडइनफ, व्हिटिंगहॅम आणि योशिनो या शास्त्रज्ञांना २०१९ चे रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. बॅटरीतल्या एका सेलचा विजेचा दाब (व्होल्टेज) पूर्ण भरल्यावर सुमारे ४.२ व्होल्ट असतो आणि वापरात उतरत जातो. तो ठरावीक पातळीखाली, साधारण तीन-सव्वातीन व्होल्टच्या आसपास गेला, की टॅब स्वतःहून बंद होतो. पडद्यावरची टक्केवारी मात्र थेट मोजलेली नसते. आत किती वीज गेली आणि बाहेर किती आली, याच्या हिशेबावरून काढलेला तो अंदाज असतो. बॅटरी जुनी झाली की हिशेब चुकतो आणि तिचा अंतर्गत रोधही, म्हणजे विजेच्या प्रवाहाला आतून होणारा अडथळा, वाढतो. समजा, सेलचा दाब ३.७ व्होल्ट आहे आणि टॅब २ अँपिअर वीज ओढतो आहे. रोध ०.१ ओहम असेल तर दाब ३.५ वर येईल, काही बिघडणार नाही. तोच रोध ०.३ ओहम झाला, तर दाब क्षणात ३.१ वर कोसळेल. म्हणून जुना टॅब ३० टक्के दाखवत असतानाही कॅमेरा किंवा गेम उघडताच मरतो आणि चार्जरला लावला की वीस-पंचवीस टक्के दाखवत उठतो. हीच अडचण फोनलाही येते: जुन्या बॅटरीचे आयफोन अचानक बंद पडू नयेत म्हणून त्यांचा वेग आवरत असल्याचे ॲपलने डिसेंबर २०१७ मध्ये मान्य केले होते.

थंडीतही रोध वाढतो. लडाखच्या गारठ्यात बंद पडलेला टॅब उबेत आल्यावर पुन्हा चालतो. उष्णतेत मात्र टॅब रोधामुळे नव्हे, तर स्वतःला वाचवण्यासाठी बंद होतो. आयपॅडसाठी ॲपलने सांगितलेली वापराची मर्यादा ० ते ३५ अंश सेल्सिअस आहे आणि विदर्भात मे महिन्यात सावलीतही पारा चाळिशी ओलांडतो. गाडीच्या डॅशबोर्डवर नकाशा दाखवत ठेवलेला टॅब आधी चार्जिंग थांबवतो, मग पडदा मंद करतो आणि शेवटी बंद होतो.

निदानाची सोपी कसोटी चार्जरची. चार्जरवर तासन्‌तास नीट चालतो, पण काढला की बंद पडतो, तर दोष बॅटरीत किंवा तिच्या कनेक्टरमध्ये. चार्जरवरही बंद पडतो, तर उष्णता, सॉफ्टवेअर किंवा बोर्ड (टॅबची मुख्य सर्किटपट्टी). ही कसोटी टॅबच्या स्वतःच्या चार्जरवरच घ्यावी: जुन्या संगणकाच्या यूएसबी २ पोर्टमधून जेमतेम अडीच वॉट मिळतात आणि मोठा पडदा त्याहून जास्त खातो, त्यामुळे ‘चार्जिंगला लावूनही उतरतो’ अशी तक्रार येते. अँड्रॉइडमध्ये बहुधा ‘पॉवर ऑफ’ पर्यायावर बोट दाबून धरले की सेफ मोड मिळतो, म्हणजे टॅब फक्त मुळातल्या ॲपवर चालतो. त्यात टॅब टिकला तर नंतर घेतलेले एखादे ॲप संशयित ठरते. फॅक्टरी रीसेट, म्हणजे सगळे पुसून टॅब नव्यासारखा करणे, हा त्यानंतरचा उपाय, तोही फोटो दुसरीकडे उतरवून घेतल्यावर. दुरुस्तीवाले बरेचदा त्याने सुरुवात करतात, हे बरोबर नाही.

बोर्डाची तपासणी घरी होत नाही. कारागीर बॅटरी सोडवून तिच्या जागी डीसी सप्लाय (वीज पुरवणारे यंत्र) जोडतो आणि त्यावरच्या, किती वीज ओढली जाते ते दाखवणाऱ्या काट्याकडे पाहतो. पॉवर बटण दाबण्याआधीच काटा लक्षणीय हलला, तर बोर्डावर कुठेतरी शॉर्ट आहे.

पडदा कडेने उचलला गेला असेल किंवा पाठ टेबलावर डुगडुगत असेल, तर बॅटरी फुगली आहे. काउंटरवर कायम चार्जिंगला असलेल्या टॅबमध्ये हे विशेष आढळते. काही टॅबमध्ये चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबवण्याची सोय त्यासाठीच असते. फुगलेला टॅब चार्ज करू नये, बॅटरी दाबू किंवा टोचू नये. ती कचऱ्याच्या डब्यातही टाकू नये. भारतात २०२२ च्या नियमांनुसार वापरलेल्या बॅटऱ्या गोळा करून पुनर्वापराला पाठवण्याची जबाबदारी उत्पादकांवर आहे.