राइट, जॉर्ज

राइट, जॉर्ज (२८ जानेवारी १८४७ – २१ ऑगस्ट १९३७). अमेरिकेतील आरंभीच्या व्यावसायिक बेसबॉलमधील अग्रगण्य शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या व तिसऱ्या बेसच्या (धाव घेताना क्रमाने गाठायच्या ठाण्यांच्या) दरम्यान उभा राहणारा क्षेत्ररक्षक. त्यांचा जन्म न्यूयॉर्कमध्ये झाला. वडील सॅम्युएल राइट इंग्लंडमधील शेफील्डहून आलेले क्रिकेटपटू असून न्यूयॉर्कच्या सेंट जॉर्ज क्रिकेट क्लबात पगारी खेळाडू होते. त्यामुळे जॉर्ज आणि थोरले बंधू हॅरी या दोघांच्याही हाती बेसबॉलच्या आधी क्रिकेटचा चेंडू आला.

त्या काळी बेसबॉल नियमाने हौशी खेळ होता. खेळाडूला उघडपणे पैसे देता येत नसत. क्लबांनी त्यावर शोधलेली पळवाट म्हणजे कागदोपत्री नोकरी. १८६७ मध्ये राइट वॉशिंग्टनच्या नॅशनल्स संघात आले तेव्हा त्यांची नोंद सरकारी कारकून अशी झाली आणि कचेरीचा म्हणून जो पत्ता दिला होता, त्या जागी प्रत्यक्षात सार्वजनिक बाग होती! हे ढोंग १८६९ मध्ये सिनसिनाटी रेड स्टॉकिंग्जने संपवले. सगळ्या खेळाडूंना उघड वेतन देणारा हा पहिला संघ हॅरी यांनी बांधला; त्यात सर्वाधिक, म्हणजे हंगामाचे १,४०० डॉलर, जॉर्ज यांना मिळत, तर कर्णधार असलेल्या हॅरी यांना १,२००. त्या वर्षी संघाने ५७ सामने जिंकले आणि एकही गमावला नाही.

राइट यांची खरी कामगिरी क्षेत्ररक्षणातली आहे. हातमोजे रूढ होण्यापूर्वीच्या त्या काळात चेंडू उघड्या हातानेच अडवावा लागे. तरीही फेक जोरकस असल्याने ते बेसना जोडणाऱ्या रेषेच्या बरेच मागे उभे राहत आणि इतरांच्या आवाक्याबाहेरचे चेंडू गाठत. त्यांची सर्वांत गाजलेली युक्ती सोपा झेल मुद्दाम सोडण्याची होती. झेल घेतला तर फलंदाज बाद होई आणि धावपटूंना आपल्या बेसवरच थांबावे लागे. चेंडू जमिनीवर पडला तर मात्र मागून येणाऱ्यासाठी त्यांना पुढचा बेस गाठणे भाग पडे. झेल होणार या खात्रीने थांबलेले धावपटू मग गोंधळत आणि राइट एकाऐवजी दोघांना बाद करून घेत. १४ जून १८७० रोजी ब्रुकलिनच्या अटलांटिक संघाविरुद्धही त्यांनी हे केले, मात्र तो सामना सिनसिनाटीने अकराव्या डावात ८–७ असा गमावला. ही फसवणूक रोखणारा नियम १८९० च्या दशकात आला.

१८७१ मध्ये दोघे बंधू बॉस्टनला गेले. पहिल्याच हंगामात पायाच्या दुखापतीमुळे जॉर्ज जवळजवळ निम्मा काळ बाहेर राहिले आणि विजेतेपद हुकले. पुढे १८७२ ते १८७५ अशी सलग चार वर्षे मात्र बॉस्टनने ते मिळवले. १८७४ च्या इंग्लंड दौऱ्यात बॉस्टन व फिलाडेल्फियाच्या खेळाडूंनी क्रिकेटही खेळून दाखवले. प्रतिस्पर्ध्यांपेक्षा जास्त, साधारण अठरा, खेळाडू घेऊन उतरलेला हा संघ अपराजित राहिला, त्यात राइट बंधूंच्या घरच्या शिकवणीचा वाटा होता. २२ एप्रिल १८७६ रोजी फिलाडेल्फियात नॅशनल लीग या व्यावसायिक क्लबांच्या स्पर्धेचा पहिला सामना झाला. त्यात पहिले फलंदाज जॉर्ज राइटच होते, आणि ते बाद झाले तेही शॉर्टस्टॉपकडे गेलेल्या चेंडूवर.

१८७९ मध्ये प्रॉव्हिडन्स ग्रेजचे खेळाडू-व्यवस्थापक म्हणून त्यांनी हॅरी यांच्या बॉस्टनला मागे टाकून विजेतेपद मिळवले. व्यवस्थापक म्हणून त्यांचा हा एकमेव हंगाम. त्याच सप्टेंबरात लीगच्या मालकांनी प्रत्येक क्लबाला पाच खेळाडू स्वतःकडे राखून ठेवण्याचा अधिकार दिला; अशा खेळाडूंना लीगमधील दुसऱ्या क्लबाशी करार करता येत नसे. प्रॉव्हिडन्सने राइट यांना राखले, पण त्यांनी पुन्हा करार करण्यास नकार दिला. इतर खेळाडूंना हे परवडण्यासारखे नव्हते. राइट यांच्यापाशी मात्र बॉस्टनमधील क्रीडासाहित्याचा जम बसलेला धंदा होता. त्यानंतर बॉस्टनकडून तुरळक सामने आणि १८८२ मध्ये हॅरी व्यवस्थापक असताना पुन्हा प्रॉव्हिडन्सकडून एक हंगाम, एवढेच ते खेळले. वळणाऱ्या चेंडूंपुढे त्यांची फलंदाजी तोवर पार उतरली होती.

‘राइट अँड डिटसन’ ही त्यांची पेढी टेनिस व गोल्फच्या साहित्यासाठी नावाजली. १८९० मध्ये बॉस्टनच्या फ्रँकलिन पार्कमध्ये परवानगी काढून त्यांनी गोल्फ खेळून दाखवला. १८८८–८९ च्या बेसबॉल जगदौऱ्यातही ते होते; या दौऱ्यातील एक सामना कोलंबोत झाला, भारतात मात्र दौरा आला नाही. पुत्र बील्स राइट यांनी १९०५ मध्ये अमेरिकेचे टेनिस एकेरी विजेतेपद मिळवले. जॉर्ज राइट यांचे बॉस्टनमध्ये निधन झाले आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात बेसबॉल हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर बेसबॉलपटूंच्या सन्मानदालनात, त्यांची निवड झाली. हॅरी यांना तो मान १९५३ मध्ये मिळाला.