एमिली डिकिन्सन

एमिली डिकिन्सन (१० डिसेंबर १८३० ते १५ मे १८८६) ही अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या ॲमहर्स्ट गावची कवयित्री. जन्मली आणि गेली एकाच घरात, होमस्टेड म्हणतात त्या विटांच्या घरात, जे तिच्या आजोबांनी बांधलं होतं. जवळपास १,८०० कविता लिहिल्या, त्यातल्या ती जिवंत असताना छापून आल्या जेमतेम दहा, त्याही नाव न घालता. तिचा विषय निघाला की पांढरा ड्रेस, बंद खोली, कुणाला न भेटणारी बाई हेच आधी सांगतात आणि कविता मागे राहतात. पण तिने माणसांना जेवढं लांब ठेवलं त्याहून कितीतरी जास्त छापखान्याला लांब ठेवलं, आणि ते का, हे तिच्यामागे तिच्या कागदांचं काय झालं ते बघितलं की कळतं.

घरची माणसं गावात वजनदार. आजोबा ॲमहर्स्ट कॉलेज उभं करणाऱ्यांपैकी, वडील एडवर्ड वकील, त्याच कॉलेजचे खजिनदार आणि एक टर्म अमेरिकन काँग्रेसमध्ये. मोठा भाऊ ऑस्टिन, धाकटी बहीण लव्हिनिया. ॲमहर्स्ट अकॅडमीत एमिली भरपूर शिकली, लॅटिन, बॉटनी सगळं, आणि याच वयात तिने हर्बेरियम केलं, वाळवलेल्या झाडाफुलांचे ४२४ नमुने ६६ पानांवर चिकटवून खाली बहुतेकांची लॅटिन नावं. पुढे माउंट होल्योकच्या मुलींच्या सेमिनरीत फक्त एक वर्ष, १८४७-४८. तिथे मुलींची धार्मिक अवस्थेनुसार विभागणी करायचे आणि एमिली शेवटपर्यंत "आशा नाही", म्हणजे उद्धाराची आशा नाही, या गटात राहिली, आजूबाजूच्या मुली एकेक करून श्रद्धा जाहीर करत असताना १७ वर्षांच्या मुलीने तसं बसून राहायला काय लागत असेल! चर्चची सभासद ती पुढेही कधी झाली नाही.

घरात राहणं एका दिवसात सुरू झालं नाही. १८५५ मध्ये ती वॉशिंग्टन आणि फिलाडेल्फियाला जाऊन आली, १८६४ आणि १८६५ मध्ये डोळ्यांच्या ट्रीटमेंटसाठी बॉस्टनजवळ केंब्रिजला काही काही महिने राहिली, त्यानंतर मात्र गाव सोडलं नाही, आणि १८६९ मध्ये एका पत्रात तिने स्वतःच लिहिलं की वडिलांच्या जागेची हद्द ओलांडून मी कुठल्या घरी किंवा गावी जात नाही. पण म्हणून ती रिकामी बसून होती असं अजिबात नाही. घरचा ब्रेड तीच भाजायची, १८५६ च्या गावच्या प्रदर्शनात तिच्या राय आणि मक्याच्या पिठाच्या ब्रेडला दुसरं बक्षीस मिळालं होतं. शेजारच्या मुलांसाठी खिडकीतून टोपलीत जिंजरब्रेड सोडायची. वडिलांनी घराला जोडून छोटं काचघर बांधून दिलं होतं, त्यात ती हिवाळ्यातही फुलं वाढवायची. आईला १८७५ मध्ये पक्षाघात झाला आणि ती १८८२ मध्ये जाईपर्यंत दोघी बहिणींनी तिचं सगळं केलं. पत्रं तर हजाराच्या वर आज हाती आहेत आणि ती फक्त उरलेली. शेजारच्या एव्हरग्रीन्स नावाच्या घरात ऑस्टिनची बायको सुझन राहायची, तिला एमिलीने अडीचशेच्या आसपास कविता पाठवल्या, म्हणजे वाचक होता, रोज कुंपणापलीकडे होता.

सगळ्यात जास्त लिखाण १८५८ ते १८६५ मधलं, म्हणजे अमेरिकेतल्या यादवी युद्धाचा काळ त्यातच आला. कविता झाली की ती शाईने स्वच्छ उतरवायची, लेटरपेपरच्या घडी घातलेल्या चार-सहा शीट एकावर एक ठेवायची, बाजूला सुईने भोकं पाडून दोरा ओवून गाठ मारायची. झाली वही. अशा ४० वह्या निघाल्या, त्यात आठशेच्या वर कविता, अभ्यासक त्यांना फॅसिकल म्हणतात. वहीवर नाव नाही, कवितांना शीर्षकं नाहीत. एखाद्या शब्दावर बारीक अधिकचं चिन्ह आणि खाली पर्यायी शब्द, कधी एक, कधी चार-पाच, आणि कुठला पक्का ते तिने ठरवलेलंच नाही. मला तिच्या कामातली ही सगळ्यात मोठी गोष्ट वाटते, कविता एका जागी थांबवायची नाही हे तिने मुद्दाम राखलं.

छंद साधा, चर्चमधल्या प्रार्थनागीतांचा, आठ आणि सहा सिलॅबल्सच्या ओळी आलटून पालटून, आपल्या कानात अभंगाची चाल बसलेली असते तशी तिच्या लोकांच्या कानात ही चाल बसलेली होती. त्या ओळखीच्या चालीत तिने अर्धवट जुळणारी यमकं घातली, मधेच कॅपिटल अक्षरं, आणि डॅश. डॅशवर आवाज थांबतो, वाक्य पुढे जाणार की तुटणार कळत नाही, आणि मरण, वेदना, मधमाशी, दुपारचा उजेड हे सगळं त्या थांबण्यातून येतं.

एप्रिल १८६२ मध्ये तिने थॉमस वेंटवर्थ हिगिन्सन या लेखकाला चार कविता पाठवून विचारलं की माझी कविता जिवंत आहे का. त्यांनी छापायची घाई नको असं सुचवलं, त्यावर तिचं उत्तर असं की माशाच्या पराला आकाश जितकं परकं तितकं मला छापणं परकं. १८६६ मध्ये तिची गवतातल्या सापावरची कविता स्प्रिंगफील्ड रिपब्लिकन या पेपरात आली, तीही तिला न विचारता, आणि तिसऱ्या ओळीत विरामचिन्ह बदललेलं, त्याने ओळीचा अर्थच फिरला. हे तिने हिगिन्सनला पत्रात लिहून कळवलं. एका चिन्हासाठी.

ती गेल्यावर लव्हिनियाने, एमिलीने सांगितलं होतं तसं, बहिणीला आलेली पत्रं जाळली, पण वह्या सापडल्या त्या जाळल्या नाहीत, त्याबद्दल तिचे उपकार मानावे तेवढे थोडे. ॲमहर्स्ट कॉलेजातल्या एका प्राध्यापकाची बायको मेबल लूमिस टॉड आणि हिगिन्सन यांनी १८९० मध्ये बॉस्टनहून पहिलं पुस्तक काढलं, दोन वर्षांत ते अकरा वेळा छापावं लागलं. पण डॅश काढले, यमकं सरळ केली, शीर्षकं घातली, मृत्यू घोडागाडी घेऊन येतो त्या प्रसिद्ध कवितेचं तर एक अख्खं कडवं गाळलं. पुढे घराण्यात भांडण लागलं, टॉडबाईंचे ऑस्टिनशी प्रेमसंबंध होते, ऑस्टिन गेल्यावर जमिनीच्या एका तुकड्यावरून केस झाली, १८९८ मध्ये निकाल लव्हिनियाच्या बाजूने लागला आणि टॉडबाईंनी त्यांच्याकडच्या कविता पेटीत बंद करून टाकल्या. १९१४ पासून सुझनच्या मुलीने तिच्याकडच्या छापल्या, १९४५ मध्ये टॉडच्या मुलीने त्यांच्याकडच्या.

तिने लिहिल्या तशा, डॅशसकट, १,७७५ कविता एकत्र आल्या १९५५ मध्ये, थॉमस जॉन्सन यांच्या तीन खंडांत, म्हणजे ती गेल्यावर ६९ वर्षांनी. वह्या मात्र संपादकांच्या हातात आधीच उसवल्या गेल्या होत्या, दोरे काढलेले, पानं इकडची तिकडे. राल्फ फ्रँकलिन यांनी कागदाची जात, डाग आणि सुईची भोकं एकमेकांवर जुळवत त्या पुन्हा लावल्या आणि १९८१ मध्ये हस्ताक्षरासकट छापल्या, नंतर १९९८ च्या आवृत्तीत त्यांनी कवितांची संख्या १,७८९ धरली. मूळ कागद आजही भांडणात वाटले गेले तसेच दोन ठिकाणी आहेत, सुझनकडचे हार्वर्डच्या होटन लायब्ररीत आणि टॉडकडचे ॲमहर्स्ट कॉलेजात.